'संशयकल्लोळा'त संशय कोठे आहे?

गोविंद बल्लाळ देवल यांचे 'संशयकल्लोळ' संगीत रूपाने रंगभूमीवर आले ते १९१६ साली. त्याच वर्षी देवल निवर्तले. या नाटकाचे मूळचे गद्य रूप 'फाल्गुनराव अथवा तसबीरीचा घोटाळा' या नावाचे असून ते १८९३ चे आहे. म्हणजे आज आपण ज्या नाटकाला हसतो त्याची घडण सव्वाशे वर्षांहून जुनी आहे. त्याची पदे, त्याची बांधेसूद रचना, पात्रांना महिन्यांची व नक्षत्रांची नावे देण्यातील देवलांची मौज यांविषयी मराठीत पुष्कळ लिहिले गेले आहे. त्याची पुनरुक्ती येथे करावयाची नाही. प्रस्तुत लेखात एका मर्यादित प्रश्नाचा विचार योजिला आहे. भास आणि भ्रम यांच्या उत्पत्तीत बोधनव्यापाराचा, म्हणजे पाहणे, ओळखणे, आठवणे, अनुमान करणे व केलेले अनुमान तपासून पाहणे या मनोव्यापारांचा, वाटा किती, हा मानसशास्त्रातील वाद गेली पन्नास वर्षे चालू आहे. मराठी विद्यार्थ्यास हा वाद समजावून देताना फाल्गुनरावाकडे बोट दाखविण्याचा मोह शिक्षकास सहज होतो. नवरा बायकोविषयी संशय घेतो, तो संशय निराधार असतो, आणि कोणी काही सांगितले तरी तो हटत नाही. यापेक्षा सोयीचे उदाहरण कोणते? हा मोह आवरला पाहिजे असे माझे मत आहे. मात्र तो आवरताना नाटक बाजूस सारण्याचे कारण नाही. फाल्गुनराव भ्रमिष्ट का नव्हे, हे नीट पाहिले असता भ्रम म्हणजे काय हे अधिक स्वच्छ दिसू लागते.

प्रथम परिभाषेविषयी दोन शब्द. बाहेर वस्तू नसताना ती आहे असे प्रत्यक्ष संवेदन होणे, यास पुढील विवेचनात 'भास' म्हटले आहे. विरुद्ध पुरावा समोर असताही न ढळणारी आणि ज्या समाजात मनुष्य वाढला त्या समाजासही न पटणारी समजूत, तिला 'भ्रम' म्हटले आहे. कोशांत यांना याहून जडजंबाळ प्रतिशब्द आहेत. पण रोग्याचे नातेवाईक जे शब्द वापरतात तेच शक्यतो आपणही वापरावेत, हे बरे. या दोहोंहून निराळा असा तिसरा शब्द 'संशय'. सगळा घोटाळा या तिसऱ्या शब्दाने केला आहे.

नाटकाच्या नावाचा प्रवास पाहण्याजोगा आहे. मोलिएरने १६६० मध्ये जे प्रहसन लिहिले त्याच्या नावातच नायकाचा नवरेपणाचा अपमान 'काल्पनिक' असल्याचे सांगितले आहे. दोष एका माणसाच्या कल्पनाशक्तीवर ठेवला आहे. त्याच्या आधारे आर्थर मर्फी या आयरिश नाटककाराने १७६१ मध्ये जे नाटक रचिले त्याच्या नावाचा भाव 'सगळ्यांचेच चुकले' असा होतो. येथे दोष वाटून टाकला आहे. देवलांनी मर्फीचे नाटक हाती घेतले तेव्हा प्रथम त्याला वस्तूचे नाव दिले: घोटाळा तसबिरीचा. पुढे संगीत रूप सिद्ध होताना वस्तू गेली आणि मनोवृत्ती आली: कल्लोळ संशयाचा. कल्पना, चूक, वस्तू आणि संशय अशी ही चार नावे. यांपैकी सर्वांत आकर्षक नाव शेवटचे यात शंका नाही. पण सर्वांत अचूक नाव, माझ्या मते, १८९३ चे होते.

असे म्हणण्याचे कारण न्यायशास्त्रात सापडते. नैयायिकांच्या मते संशय म्हणजे एकाच वस्तूविषयी दोन विरुद्ध कोटींमध्ये हेलकावणारे ज्ञान. दुरून काही उभे दिसते. ते खुंट आहे की माणूस, हे ठरत नाही. दोन्हींचे साधारण धर्म दिसतात, विशेष धर्म दिसत नाहीत. ही अवस्था संशयाची. उलट शिंपलीला 'ही चांदीच आहे' असे मानून जो खाली वाकतो त्यास संशय झालेला नसतो. त्याचे ज्ञान निश्चित असते, केवळ चुकीचे असते. त्यास विपर्यय म्हणतात. या दोहोंतील भेद हा शास्त्रकारांचा शब्दच्छल नव्हे. न्यायदर्शनात संशयास मानाचे स्थान आहे. सोळा पदार्थांच्या गणनेत प्रमाण व प्रमेय यांच्या पाठोपाठ त्याचा क्रम लागतो, कारण जेथे संशयच नाही तेथे तपासास आरंभ होत नाही.

ही कसोटी घेऊन नाटकाकडे पाहू. उन्हाने भोवळ आलेल्या रेवतीस फाल्गुनराव सावरतो. त्याची पत्नी कृत्तिका हे पाहते आणि नवऱ्याविषयी तिची खात्री होते. रेवतीजवळची आश्विनशेठची तसबीर त्या गडबडीत पडते, ती कृत्तिकेच्या हाती येते. परपुरुषाची तसबीर न्याहाळणारी पत्नी फाल्गुनरावास दिसते आणि त्याचीही खात्री होते. पुढे आपली तसबीर फाल्गुनरावापाशी गेल्याचे आश्विनशेठला कळते तेव्हा रेवतीविषयी त्याचीही खात्री होते. वाचकांनी लक्ष द्यावे ते या 'खात्री' शब्दाकडे. यांपैकी एकाही पात्राच्या मनात दुसरी कोटी क्षणभरही उभी राहत नाही. 'ही तसबीर हिला वाटेत सापडली असेल काय?' एवढा एक प्रश्न फाल्गुनरावास पडता तर नाटक पहिल्या अंकातच आटोपले असते. तेव्हा शास्त्रीय अर्थाने 'संशयकल्लोळा'त जर कशाचा दुष्काळ असेल तर तो संशयाचा. कल्लोळ आहे तो विपर्ययांचा, म्हणजे घाईने बांधलेल्या निश्चयांचा. मराठी बोलीत 'संशयी' हे विशेषण आपण ज्याला लावतो तो मनुष्य वस्तुतः संशय घेण्यास असमर्थ असतो, हे भाषेतील एक चमत्कारिक विडंबन आहे. भ्रमाच्या रोग्यासंबंधी हे विधान अधिकच खरे आहे. शेजारी आपल्यावर विषप्रयोग करीत आहे असे ज्यास वाटते त्यास शेजाऱ्याविषयी संशय नसतो. त्यास ते ठाऊक असते.

ह्या 'घाईच्या निश्चया'स प्रयोगशाळेत मोजण्याचा एक प्रसिद्ध प्रयत्न १९८८ मध्ये हक, गॅरेटी व हेम्सली या संशोधकांनी केला. प्रयोग साधा आहे. दोन बरण्या असतात. एकीत ८५ मणी एका रंगाचे व १५ दुसऱ्या रंगाचे, दुसरीत प्रमाण उलटे. प्रयोगकर्ता एकच बरणी निवडतो, पण कोणती ते सांगत नाही, आणि तीतून एकेक मणी काढून दाखवितो. ही बरणी कोणती हे निश्चित सांगण्यास किती मणी पाहावे लागतात, एवढेच मोजावयाचे. भ्रमग्रस्त रोगी इतरांपेक्षा कमी मण्यांवर निर्णय देतात असे आढळले. पुष्कळदा एक किंवा दोन मणी त्यांना पुरतात. पुढे हा निष्कर्ष अनेकांनी पडताळून पाहिला व स्थूलमानाने तो टिकला आहे. फाल्गुनराव, कृत्तिका आणि आश्विनशेठ हे एका मण्यावर बरणी ओळखणारे लोक आहेत, असे म्हणून येथेच थांबता आले असते. पण थांबू नये.

कारण येथे गणित आड येते. एकाच रंगाचे दोन मणी लागोपाठ निघाले तर ती बरणी त्या रंगाची असण्याची संभाव्यता सुमारे ९७ टक्के येते. म्हणजे दोन मण्यांवर निर्णय देणारा रोगी गणिताच्या दृष्टीने काही वेडेपणा करीत नाही. उलट आठदहा मणी पाहिल्यावाचून तोंड न उघडणारा निरोगी मनुष्यच अवाजवी सावध ठरतो. ही गोष्ट हा प्रयोग करणाऱ्यांच्याही लक्षात आली होती. शिवाय सर्वच भ्रमग्रस्त रोगी घाई करीत नाहीत, आणि घाई करणारी निरोगी माणसे पुष्कळ असतात. मणी हे मणी असतात; त्यांत कोणाचा संसार गुंतलेला नसतो. बरणीसमोर शांत बसणारा गृहस्थ घरी बायकोच्या हाती अनोळखी तसबीर पाहून शांत राहील असे नाही, आणि बरणीसमोर उतावळा असणारा सगळ्याच बाबतीत उतावळा असतो असेही नाही. तात्पर्य, घाई हे भ्रमाचे एक दार असू शकेल. ते घर नव्हे. देवलांचे नाटक हीच गोष्ट उघड करते. त्यात जवळजवळ प्रत्येक पात्र घाईने निर्णय करते आणि तरीही त्यांतले कोणीही रोगी नाही.

मग भेद कोठे आहे? तो शेवटच्या अंकात आहे. तेथे सर्व मंडळी एकत्र येतात, तसबीर कोणाकडून कोणाकडे कशी गेली याचा उलगडा होतो, आणि उलगडा होताच निश्चय विरघळतात. प्रहसनाच्या रूढीप्रमाणे हे व्हावयाचेच. पण मानसशास्त्राच्या दृष्टीने हा नाटकातील सर्वांत महत्त्वाचा प्रसंग होय. खऱ्या भ्रमाच्या बाबतीत हा अंक लिहिताच येत नाही. पत्नीच्या बेइमानीविषयी ज्याचा भ्रम दृढ झाला आहे त्याच्यापुढे रेवती, आश्विनशेठ, नोकरचाकर असे सर्व साक्षीदार उभे करून तसबिरीचा इतिहास क्रमवार सांगितला, तर तो म्हणेल की या सर्वांनी मिळून गोष्ट किती पक्की रचली आहे! खुलासाच पुराव्यात जमा होतो. पुरावा स्वीकारण्यात घाई करणे ही एक गोष्ट; विरुद्ध पुरावा आला असता बांधलेले मत मोडून पुन्हा न बांधता येणे ही दुसरी. अलीकडील संशोधक या दुसऱ्या दोषाकडे अधिक लक्ष देतात, आणि माझ्या मते ते योग्यच आहे. मॅक्स कोल्टहार्ट व त्यांचे सहकारी भ्रमाच्या उत्पत्तीस दोन घटक मानतात: पहिला घटक समजुतीस तिचा विशिष्ट आशय पुरवितो, दुसरा त्या समजुतीची परीक्षा बंद पाडतो. फाल्गुनरावात पहिला घटक तसबिरीने पुरविला. दुसरा त्याच्यात नाही. म्हणूनच तो हसण्याजोगा आहे.

येथे कार्ल यास्पर्स या जर्मन मनोविकारवैद्याचा उल्लेख केला पाहिजे. त्याने १९१० मध्ये मत्सरभ्रमावरच एक दीर्घ निबंध लिहून असा प्रश्न उपस्थित केला की हा भ्रम त्या माणसाच्या स्वभावाच्या ओघातून वाढलेला असतो, की त्याच्या मनोजीवनात मध्येच कोसळलेली ती एक नवी प्रक्रिया असते? पहिल्या प्रकारात आपण त्या माणसाच्या जागी स्वतःस कल्पू शकतो. दुसऱ्यात आपली समजूत एका कड्यापाशी येऊन थांबते. फाल्गुनरावाबाबत आपली समजूत कोठेच थांबत नाही. त्याचा प्रत्येक तर्क आपणास चुकीचा म्हणून दिसतो आणि तरीही तो आपलाच वाटतो. प्रेक्षागृहात जे हसू उठते त्यात हे दोन्ही असते. यास्पर्सचे 'न समजण्याजोगे' हे लक्षण बोधनवाद्यांना मान्य नाही. ब्रेंडन मेहर याने १९७४ मध्ये याच्या नेमकी उलट बाजू मांडली: रोग्याची विचारशक्ती शाबूत असते, त्याला येणारे अनुभवच असाधारण असतात, आणि भ्रम हा त्या अनुभवांचा यथाशक्ती लावलेला अर्थ होय. मेहरचे म्हणणे अर्धे खरे आहे. ते संपूर्ण खरे असते तर ज्यांना ज्यांना असाधारण अनुभव येतात ते सर्व भ्रमिष्ट झाले असते. आणि तसे होत नाही, हे पुढे पाहावयाचे आहे.

देवलांचेच दुसरे नाटक 'झुंजारराव' (१८९०) येथे जोडीला घेणे अपरिहार्य आहे, कारण ते 'ऑथेल्लो'चे रूपांतर आहे आणि ऑथेल्लोचे नाव आज एका मनोविकारास कायमचे चिकटले आहे. टॉड व ड्यूहर्स्ट या दोघांनी १९५५ मध्ये वैवाहिक मत्सराच्या भ्रमास 'ऑथेल्लोचा लक्षणसमूह' असे नाव दिले. या नामकरणाइतके अन्यायाचे नामकरण वैद्यकात क्वचितच झाले असेल. ऑथेल्लोस भ्रम झालेला नाही. त्याला फसविण्यात आले आहे. त्याच्या ज्या मित्रावर सर्वांचा विश्वास आहे तो त्याला खोटा पुरावा हातरुमालासकट आणून देतो. त्याने पुरावा मागितला होता, हेही विसरता कामा नये. पुरावा खोटा असल्याचे कळताच त्याचा निश्चय कोसळतो. मात्र तोपर्यंत पत्नीचा जीव गेलेला असतो. 'झुंजारराव' आणि 'फाल्गुनराव' ही नाटके तीन वर्षांच्या अंतराने एकाच लेखणीतून उतरली. एकात स्त्रीचा वध होतो, दुसऱ्यात हशा होतो, आणि दोहोंत नवऱ्याच्या विचाराची यंत्रणा एकच आहे. पुरावा कोणी पुरविला, दुष्ट मनुष्याने की निव्वळ योगायोगाने, एवढाच भेद. या दोन नाटकांचा एकत्र अभ्यास आपल्या वर्गांत का होत नाही, हे मला कळत नाही.

आता भासाकडे वळू. तो विषय मराठी रंगभूमीस झुंजाररावाच्याही आधी भेटला आहे. गोपाळ गणेश आगरकर १८८२ मध्ये टिळकांबरोबर डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवस होते. त्या काळात त्यांनी 'हॅम्लेट'च्या भाषांतराचे काम केले, आणि ते 'विकारविलसित' या नावाने १८८३ मध्ये प्रसिद्ध झाले. भुताखेतांवर काडीचा विश्वास नसलेल्या बुद्धिवाद्याने ज्या नाटकाचा आरंभच पिशाच्चाने होतो ते निवडावे, यात वरवर विसंगती दिसते. ती नावाने दूर होते. आगरकरांच्या लेखी हा खेळ मनोविकारांचा आहे. परंतु मला येथे विकारापेक्षा विचार महत्त्वाचा वाटतो. पहिल्या अंकात पिशाच्च पहारेकऱ्यांनाही दिसते. तिसऱ्या अंकात आईच्या महालात ते एकट्या राजपुत्रास दिसते, आईला रिकामी हवा दिसते. हे दुसरे दर्शन आपल्या व्याख्येप्रमाणे भास होय. परंतु राजपुत्राने त्याआधीच काय केले ते पाहावे. पिशाच्चाने सांगितलेली गोष्ट खरी कशावरून, हे सैतानाचे सोंग नसेल कशावरून, असा प्रश्न त्याला पडतो, आणि तो तपासण्यासाठी तो नाटकात नाटक योजतो. ज्याला असाधारण अनुभव आला तो मनुष्य येथे नैयायिकाच्या अर्थाने संशय घेत आहे! जी गोष्ट हॅम्लेटची तीच मॅक्बेथची. शि. म. परांजपे यांच्या 'मानाजीरावा'तून आणि वि. वा. शिरवाडकर यांच्या 'राजमुकुटा'तून (१९५४) मॅक्बेथ मराठीत आला आहे. मूळ नाटकातील प्रसिद्ध प्रसंगी हवेत खंजीर दिसताच मॅक्बेथ प्रथम काय करतो, तर तो धरण्यासाठी हात पुढे करतो. हाताला काही लागत नाही तेव्हा हे तापलेल्या मेंदूचे काम असावे असे स्वतःशीच बोलतो. डोळ्यांच्या साक्षीची स्पर्शाने उलटतपासणी झाली. त्याला भास आहे, भ्रम नाही. फाल्गुनरावास भास मुळीच नाही. त्याने पाहिलेले सर्व खरे आहे, कृत्तिकेच्या हातात तसबीर होतीच. अनुभव असाधारण पण परीक्षा शाबूत, आणि अनुभव साधा पण परीक्षा लुळी, अशी ही दोन टोके आहेत. मेहरचे म्हणणे अर्धेच खरे का, याचे उत्तर येथे मिळते.

भासाची ही परीक्षा केवळ राजपुत्रांच्या वाट्याला येते असे नाही. वर्धा जिल्ह्यात, हिंगणघाट तालुक्यातील वडनेरच्या शिवारात रानडुकरांपासून पीक राखण्यासाठी जागलीला जाणाऱ्या माणसाची स्थिती मनात आणावी. अंधार, एकटेपणा, अर्धवट झोप, आणि कान सतत कशाची तरी वाट पाहत असलेले. पऱ्हाटीत उभे केलेले बुजगावणे त्याला माणसासारखे दिसते. शास्त्रकारांचा खुंट येथे जुना सदरा घालून उभा आहे. अशा वेळी आपल्या नावाने कोणी हाक मारल्याचे ऐकू येणे ही अगदी सामान्य गोष्ट होय. आणि यासाठी आपल्या खेड्यांत एक नियम सांगतात, तो मला मण्यांच्या प्रयोगाइतकाच अर्थपूर्ण वाटतो: रात्री पहिल्या हाकेला ओ देऊ नये. नियमाचे कारण म्हणून भूत, हडळ किंवा चकवा यांचे नाव सांगितले जाते. ते बाजूस ठेवावे. नियमाचे कार्य पाहिले तर ते एवढेच की एका मण्यावर बरणी ठरवू नको, दुसरा मणी येऊ दे. भास सहसा त्याच जागी, त्याच आवाजात, मागणीप्रमाणे पुन्हा होत नाही. खरा हाक मारणारा पुन्हा हाक मारतो. लोकसमजुतीत जागली भुताला मानतो आणि तरीही कानाची साक्ष तपासून घेतो. अशा माणसास भ्रमिष्ट म्हणण्याचा अधिकार शहरातील सुशिक्षितास नाही. अर्थात ह्याच लोकसमजुतींच्या आश्रयाने खऱ्या रोग्याचे भूत उतरविण्यासाठी त्याला बांधून मारहाण करण्याचे प्रकारही चालत आले. महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने तो गुन्हा ठरविला, हे उचितच झाले.

कानांनी वाट पाहावी आणि आवाज यावा, हा संबंध केवळ उपमेचा नाही. पॉवर्स, मॅथिस व कॉर्लेट यांनी २०१७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात एक आकृती दाखवून तिच्याबरोबर एक मंद सूर ऐकविण्याची सवय लोकांना लावली. मग केवळ आकृती दाखविली असताही कित्येकांना सूर ऐकू आला. ज्यांना एरवीही आवाज ऐकू येतात अशांच्या बाबतीत हे अधिक घडले, मग ते उपचार घेणारे असोत वा आपल्या आवाजांना दैवी देणगी मानून सुखाने जगणारे असोत. परंतु जे मानसिक विकाराने पीडित होते ते, सूर आता वाजत नाही हे शिकून आपली अपेक्षा बदलण्यात मागे पडले. भास ह्या गटातही होता आणि त्या गटातही. पण मत बदलण्याची शक्ती दोहोंत सारखी नव्हती. जे फाल्गुनरावाच्या शेवटच्या अंकाने सुचविले तेच येथे निराळ्या वाटेने समोर येते.

भासाची दुसरी उपपत्ती ख्रिस फ्रिथ याने १९९२ च्या ग्रंथात विस्ताराने मांडली. आपण मनातल्या मनात सतत बोलत असतो, आणि हे बोलणे आपले आहे याची खूण मन आपोआप ठेवीत असते. छिन्नमनस्कतेत ही खूण पुसली जाते आणि स्वतःचेच बोलणे परक्याचे म्हणून ऐकू येते. या विचाराचा एक जुना नातलग आपल्याकडे आहे, तो प्राभाकर मीमांसकांचा अख्यातिवाद. शिंपलीच्या ठिकाणी चांदी दिसते तेव्हा समोरच्या चकाकीचे प्रत्यक्ष आणि पूर्वी पाहिलेल्या चांदीची आठवण अशी दोन ज्ञाने असतात. दोन्ही आपापल्या परीने खरी असतात. मात्र आठवणीची 'आठवण' म्हणून असलेली ओळख हरपते आणि दोहोंतला भेद लक्षात येत नाही. चूक ही एक नवी खोटी वस्तू निर्माण होण्यात नसून भेद न कळण्यात आहे. प्राभाकरांना छिन्नमनस्कता ठाऊक होती असे मला म्हणावयाचे नाही. असले दावे करण्याची जी सवय आपल्याकडे लागली आहे ती विद्येस घातक आहे. त्यांचा प्रश्न ज्ञानाच्या प्रामाण्याचा होता, रोगाचा नव्हे. परंतु 'चूक म्हणजे मूळ हरवलेले खरे ज्ञान' ही कल्पना सुस्पष्टपणे मांडणारा संप्रदाय आपल्या भाषांच्या परंपरेत असताना, ती कल्पना प्रथमच ऐकल्यासारखा चेहरा मराठी विद्यार्थ्याने करू नये.

फ्रिथच्या उपपत्तीवर मोठा आक्षेप असा की ती आवाज का येतो हे सांगते, पण तो कोणाचा येतो हे सांगत नाही. लुर्मन आणि तिच्या सहकाऱ्यांनी २०१५ मध्ये सान मातेओ, अक्रा व चेन्नई येथील प्रत्येकी २० रोग्यांच्या मुलाखतींचा अभ्यास प्रसिद्ध केला. अमेरिकेतील रोग्यांना बहुधा अनोळखी व हिंसक आवाज ऐकू येत. चेन्नईच्या पुष्कळ रोग्यांना मात्र आपल्याच नातलगांचे आवाज येत, आणि ते आवाज रागावतही व घरकामाच्या सूचनाही देत. ज्या घरात एकटे असण्याची सवयच नाही त्या घरातील भासही एकटा येत नाही, असे दिसते. मुलाखती थोड्या आहेत, यावरून फार मोठे सिद्धांत काढू नयेत. तरीही बोधनव्यापार म्हणजे प्रत्येक कवटीत बंद असलेले एक यंत्र, ही समजूत यामुळे ढिली होते. कोणती कोटी मनात आधी उभी राहावी हे घर ठरविते. फाल्गुनरावास तसबीर पाहताच बेइमानीच आठवते, हरवलेली वस्तू आठवत नाही. हेही त्याने एकट्याने ठरविलेले नाही.

उपचाराच्या दृष्टीने यातून निघणारी एक गोष्ट मात्र निश्चित आहे. मत्सरभ्रमाच्या रोग्यापुढे पत्नी निरपराध असल्याचे सिद्ध करीत बसणे निरर्थक आहे. ती अपराधी असली तरीही त्याचा भ्रम भ्रमच राहतो, कारण तो पुराव्यावर उभा नसतो. हॅम्बुर्ग येथील श्टेफेन मॉरित्झ व त्यांच्या सहकाऱ्यांनी जी प्रशिक्षणपद्धती सिद्ध केली आहे ती म्हणूनच रोग्याच्या भ्रमाला आरंभी हात लावीत नाही. चित्रातील तुकडे एकामागून एक दाखवून 'हे काय असेल?' असे विचारावयाचे, घाईने दिलेले उत्तर पुढच्या तुकड्याने कसे बदलते ते त्यालाच पाहू द्यावयाचे, एवढ्यावर ती भर देते. औषधोपचाराची जागा ती घेत नाही, आणि तिचा गुण मध्यम असतो. पण ती रोग्याला उत्तर देत नाही. संशय घेण्यास शिकविते.

जाता जाता एका उपेक्षित पात्राविषयी. या नाटकाच्या चर्चेत भाव खाऊन जातो तो फाल्गुनराव. कृत्तिकेचा मत्सर त्याच्या मत्सराची जोड म्हणून उल्लेखिला जातो. परंतु पुराव्याचा हिशेब मांडला तर तिचे पारडे जड आहे. नवऱ्याने पाहिली ती निर्जीव तसबीर. तिने पाहिला तो प्रत्यक्ष नवरा, परस्त्रीला आधार देत असलेला. तिच्या बरणीतून निघालेला पहिला मणी त्याच्या मण्यापेक्षा पुष्कळ बोलका होता. तरीही नाटकाच्या १८९३ च्या नावात फाल्गुनराव आहे आणि तसबीर आहे, कृत्तिका नाही. 'ऑथेल्लोचा लक्षणसमूह' म्हणणाऱ्या ग्रंथांतही हीच तऱ्हा आहे: नाव नवऱ्याचे, आणि त्या घरात रात्री दार लावून झोपणारी स्त्री तळटिपेत.